विमान कंपनीचं गोल्ड स्टेटस : सांगली-मिरजेकडून नेहमी येणारे प्रश्न

आमच्याकडे विमानाचं तिकीट काढायला आलेला माणूस आधी भाडं विचारतो, मग बॅगेचे किलो. पैसे देऊन उठता उठता एक प्रश्न मात्र हमखास टाकतो : "ते गोल्ड कार्ड आमाला मिळंल का हो?" गोल्ड म्हणजे नेहमी उडणाऱ्या सभासदाला विमान कंपनी देते तो वरचा दर्जा, यालाच स्टेटस म्हणतात. विट्याचे गलाईवाले (सोनं-चांदी गाळणारे) विचारतात, मिरजेचे डॉक्टर विचारतात, नातवंडं बघायला न्यू जर्सीला निघालेले विश्रामबागचे आजी-आजोबाही विचारतात. तिघांची उत्तरं तीन आहेत. आजी-आजोबांचं उत्तर बहुतेक वेळा ‘नाही’ असंच असतं, पण त्यांना जे हवं असतं ते गोल्डशिवायही मिळतं. ते पुढे येईलच.

कंपन्या हे नियम दर एक-दोन वर्षांनी फिरवतात. त्यामुळे खालचे आकडे अंदाज येण्यासाठी धरा आणि तिकीट काढण्याआधी त्या कंपनीच्या ॲपवर एकदा ताडून बघा.

माझ्या खात्यात लाखभर पॉइंट्स आहेत, तरी कार्ड साधंच का?

कारण ते खर्चायचे पॉइंट्स आहेत, स्टेटसचे नाहीत. अडत दुकानात जशा दोन वह्या असतात तशा एका सभासद क्रमांकामागे दोन वह्या चालतात. एका वहीत तिकिटासाठी किंवा अपग्रेडसाठी (वरच्या वर्गाच्या सीटसाठी) वापरायचे पॉइंट्स जमा होतात. ते क्रेडिट कार्डानं येतात, हॉटेलनं येतात, खरेदीनं येतात. दुसऱ्या वहीत फक्त प्रत्यक्ष उडालेल्या प्रवासाचे पॉइंट्स लिहिले जातात आणि दर्जा ठरतो तो याच वहीवरून. एमिरेट्समध्ये पहिल्याला स्कायवर्ड्स माइल्स म्हणतात, दुसऱ्याला टियर माइल्स. सिंगापूर एअरलाइन्समध्ये क्रिसफ्लायर माइल्स आणि एलिट माइल्स. एअर इंडियाच्या महाराजा क्लबातही टियर पॉइंट्स वेगळे मोजतात.

दुसरी वही खर्चाची नाही. मुदत संपली की ती कोरी होते.

याला एक मोठा अपवाद आहे, अमेरिकन एअरलाइन्सचा. २०२२ पासून त्यांनी ‘लॉयल्टी पॉइंट्स’ सुरू केले आणि त्यात त्यांच्या क्रेडिट कार्डावरचा खर्चही स्टेटससाठी धरला जाऊ लागला. ४०,००० ला गोल्ड, ७५,००० ला प्लॅटिनम. तुमचा मुलगा डॅलसला असेल आणि फारसं विमानात न बसताही त्याच्याकडे भारी कार्ड असेल, तर त्याचं गुपित बहुधा हेच. इथं सांगलीत बसून आपल्याला ते जमणारं नाही, कारण ती कार्डं तिकडच्या बँकांची.

कोल्हापूरहून आम्ही स्टार एअरनं जातो. ते स्टार अलायन्समध्ये धरतात का?

नाही. स्टार एअर ही आपल्या शेजारच्या घोडावत समूहाची कंपनी, २०१९ मध्ये सुरू झाली. स्टार अलायन्स ही जगभरातल्या मोठ्या विमान कंपन्यांची युती. नावापलीकडे दोघांचा काही संबंध नाही. उजळाईवाडीहून सुटणाऱ्या इंडिगोच्या विमानांनाही हेच लागू, इंडिगो कुठल्याच युतीत नाही. म्हणजे कोल्हापूर विमानतळावरून कितीही उडालात तरी स्टार गोल्डच्या, म्हणजे स्टार अलायन्सच्या गोल्ड दर्जाच्या, दिशेनं एक पाऊलही पडत नाही. सांगलीजवळ कवलापूरला विमानतळ होईल तेव्हा होईल, पण तिथंही छोटीच विमानं येणार, त्यामुळे या बाबतीत फारसा फरक पडेल असं वाटत नाही.

मग या युत्या कोणत्या, आणि त्यांचा आपल्याला उपयोग काय?

जगात तीन आहेत. स्टार अलायन्समध्ये एअर इंडिया (जुलै २०१४ पासून), लुफ्तान्सा, सिंगापूर, युनायटेड, टर्किश, स्विस वगैरे. वनवर्ल्डमध्ये कतार, ब्रिटिश एअरवेज, अमेरिकन, जपान एअरलाइन्स, कॅथे पॅसिफिक. स्कायटीममध्ये एअर फ्रान्स, केएलएम, डेल्टा. एमिरेट्स आणि एतिहाद तिन्हींच्या बाहेर आहेत. एअर इंडिया एक्स्प्रेसही बाहेर आहे, आणि इथं पुष्कळ जण फसतात. विमानावर ‘एअर इंडिया’ लिहिलेलं दिसतं, पण आखातात जाणारं ते विमान बहुतेक वेळा एक्स्प्रेसचं असतं आणि त्यावर स्टार गोल्डच्या सवलती चालत नाहीत.

उपयोग असा की एका कंपनीत कमावलेला दर्जा युतीतल्या सगळ्या कंपन्यांत चालतो. स्टार अलायन्सच्या दोन पायऱ्या आहेत, सिल्व्हर आणि गोल्ड. सिल्व्हरला वेटिंग लिस्टमध्ये पुढचा नंबर, एवढंच. खरी मजा गोल्डला. त्याच दिवशी स्टार अलायन्सच्या विमानानं निघत असाल तर इकॉनॉमीचं तिकीट असूनही लाउंज (विमानतळावर बसायची-खायची वेगळी जागा), सोबत एक पाहुणा, वेगळी चेक-इनची रांग, आधी बोर्डिंग, बॅग पट्ट्यावर आधी, आणि सामान २० किलो जादा. जिथं नगावर मोजतात तिथं एक बॅग जादा.

वनवर्ल्डमध्ये रुबी, सफायर, एमराल्ड अशा तीन पायऱ्या आहेत आणि लाउंज सफायरपासून उघडतो. स्कायटीममध्ये एलिट आणि एलिट प्लस.

खातं कुठल्या कंपनीचं उघडावं?

या पानावरचा सगळ्यात महत्त्वाचा प्रश्न हाच. ‘किती उडावं लागेल’ हे सगळे विचारतात, ‘उडालेलं कुठं जमा करावं’ हे फारसं कुणी विचारत नाही. ज्या कंपनीच्या विमानात बसलात तिच्याच खात्यात पॉइंट्स टाकले पाहिजेत असं बंधन नाही. लुफ्तान्सानं फ्रँकफर्टला गेलात तर ते पॉइंट्स एअर इंडियाच्या खात्यात टाकता येतात, सिंगापूरच्या टाकता येतात, युनायटेडच्याही. मात्र एका प्रवासाचे पॉइंट्स एकाच खात्यात. एकदा पडले की हलवता येत नाहीत.

आमच्याकडे येणाऱ्यांत दिसणारी चूक म्हणजे पाच कंपन्यांची पाच कार्डं. दरवेळी स्वस्त पडलं ते तिकीट, आणि प्रत्येक कंपनीत थोडे थोडे पॉइंट्स. पाच वर्षं उडून पाचही ठिकाणी माणूस खालच्याच पायरीवर. म्हणून आधी मागच्या वर्षभराची तिकिटं काढून बघा की तुम्ही खरोखर जाता कुठं.

खानापूर, आटपाडी, विट्याकडचे गलाई व्यावसायिक चेन्नई, कोलकाता, कोइम्बतूर, कोची असे देशभर पसरलेले आहेत. हळदीवाले निजामाबादसाठी हैदराबादला आणि इरोडसाठी कोइम्बतूरला उतरतात, बेदाणावाले दिल्ली-कोलकात्याला जातात. हा सगळा देशांतर्गत प्रवास, आणि त्यात हाताशी येतं ते इंडिगोचं विमान. अशांनी इंडिगोच्या ब्लूचिप योजनेत नाव घालावं. ती २०२४ मध्ये सुरू झाली आणि तिच्या वरच्या पायऱ्यांना ब्लू ३, ब्लू २, ब्लू १ अशी नावं आहेत. इथून परदेशातल्या लाउंजची दारं उघडणार नाहीत, पण महिन्यातून दोनदा उडणाऱ्याला इथल्या इथंच काही पदरात पडेल. पुणे किंवा मुंबईहून दिल्लीला वारंवार जाणाऱ्यांनी मात्र इंडिगो आणि एअर इंडियाचं भाडं जवळपास सारखं असेल तेव्हा एअर इंडिया घ्यावी. ते पॉइंट्स महाराजा क्लबात जातात, आणि तिथला गोल्ड म्हणजे जगभर चालणारा स्टार गोल्ड.

द्राक्षं, बेदाणा, डाळिंबाच्या निर्यातीसाठी दुबईला सारखं जाणं असेल तर एमिरेट्स. तिथला दर्जा दुसरीकडे कुठं फारसा कामाचा नाही, पण तुमचं कामच दुबईत असेल तर दुसरीकडे हवाय कशाला?

कुपवाड एमआयडीसीतले यंत्रभाग बनवणारे, जर्मनीतल्या प्रदर्शनांना आणि गिऱ्हाइकांकडे जाणारे, यांनी स्टार अलायन्स धरावी. लुफ्तान्सा, स्विस, एअर इंडिया, सगळ्या एकाच युतीत असल्यामुळे भाडं बघून कंपनी बदलता येते आणि पॉइंट्स तरीही एकाच ठिकाणी पडतात. खातं महाराजा क्लबचं ठेवलंत तर देशातला प्रवासही त्यातच धरला जातो. आमचा कल याच बाजूला आहे.

आकड्यांत सांगा. किती उडावं लागतं?

एमिरेट्सचा हिशेब सगळ्यात सरळ. सिल्व्हरला २५,००० टियर माइल्स किंवा २५ उड्डाणं, गोल्डला ५०,००० किंवा ५० उड्डाणं. प्लॅटिनमला १,५०,००० माइल्स. मुंबई-दुबई अंतर साधारण १,२०० मैल, त्यामुळे तेवढ्याच वाऱ्या करणाऱ्याला माइल्सपेक्षा उड्डाणांचा रस्ता जवळचा. सिल्व्हरसाठी वर्षाला बारा-तेरा खेपा. सिल्व्हरवाल्याला लाउंज दुबईतच, तोही एकट्याला. इतर शहरांतला लाउंज आणि सोबत एक पाहुणा गोल्डला. वजनावर मोजणाऱ्या मार्गांवर सामान सिल्व्हरला १२ किलो, गोल्डला १६ आणि प्लॅटिनमला २० किलो जादा.

सिंगापूर एअरलाइन्समध्ये बारा महिन्यांत २५,००० एलिट माइल्सना सिल्व्हर, ५०,००० ना गोल्ड, आणि हा गोल्ड म्हणजे स्टार गोल्ड. मुंबई-सिंगापूर एका बाजूचं अंतर साधारण २,४०० मैल. सगळ्यात स्वस्त इकॉनॉमी भाड्यात त्याचे निम्मेच माइल्स पडतात. म्हणजे स्वस्त तिकिटावर नुसत्या सिल्व्हरसाठी दहा-अकरा वेळा जाऊन यावं लागेल. पूर्ण माइल्स देणारं तिकीट घेतलंत तर पाच-सहा खेपांत होईल, पण भाड्यातला फरक बघितला की दोन्हीकडून गणित कठीणच आहे.

युरोप-अमेरिकेतल्या कंपन्या आता मैल सोडून पैसे मोजतात. ब्रिटिश एअरवेजनं एप्रिल २०२५ पासून टियर पॉइंट्स खर्चाशी जोडले. एक पौंड, एक पॉइंट. ब्राँझला ३,५००, सिल्व्हरला ७,५००, गोल्डला २०,०००. विमानतळाचे कर त्यात धरत नाहीत. म्हणजे सिल्व्हरसाठी कर सोडून साडेसात हजार पौंडांची तिकिटं. डेल्टा तर डॉलरच मोजते. सिल्व्हरला ५,०००, गोल्डला १०,०००.

अमेरिकन एअरलाइन्सनं १ मे १९८१ रोजी ॲडव्हांटेज योजना काढली तेव्हा मोजमाप मैलांचं होतं. स्वस्तातलं तिकीट काढून लांब जाणारा माणूस तेव्हा महागडं तिकीट काढून जवळ जाणाऱ्याच्या पुढे असे. कंपन्यांना हे कळायला तीसेक वर्षं लागली. आता एअर इंडियानंही २०२४ च्या फेररचनेत रुपयांचा हिशेब आणला आहे. इंटरनेटवर जुन्या युक्त्या सांगणारे लेख भरपूर सापडतील, पण त्यातले बहुतेक मैलांच्या काळातले आहेत.

एकाच विमानात शेजारी बसून गेलो, मित्राला माझ्या दुप्पट पॉइंट्स कसे?

तिकिटावरचं एक अक्षर बघा. वाय, बी, एम, क्यू, टी असं काहीतरी छापलेलं असतं. त्याला बुकिंग क्लास म्हणतात. सीट तीच, जेवण तेच, पण भाड्याची पातळी वेगळी. युतीतल्या दुसऱ्या कंपनीच्या खात्यात पॉइंट्स टाकताना या अक्षरावरच सगळं ठरतं. काही अक्षरांना शंभर टक्के, काहींना पंचवीस, काहींना शून्य.

शिवाय विमान नेमकं कुणाचं, हेही बघावं लागतं. तिकिटावर एका कंपनीचा नंबर आणि धावपट्टीवर दुसरीचं विमान, याला कोडशेअर म्हणतात. पॉइंट्स कधी छापलेल्या नंबरावर मिळतात, कधी प्रत्यक्ष विमानावर. खातं ज्या कंपनीचं आहे तिच्या पानावर ‘पार्टनर’ या सदरात हा तक्ता असतो. तिकीट काढण्याआधी तो बघावा, नंतर बघून फक्त हळहळ होते.

आम्ही दोघं दरवर्षी मुलाकडे अमेरिकेला जातो. आम्हाला गोल्ड मिळेल?

वर्षाला एक खेप, तीही स्वस्त भाड्याच्या इकॉनॉमी तिकिटावर. त्यावर गोल्ड होणं जवळजवळ अशक्य आहे, आणि त्यापायी महाग तिकीट काढा असं आम्ही कुणाला सांगणार नाही.

पण तुम्हाला त्यातून हवं काय आहे ते बघू. रांगेत उभं राहावं लागू नये? व्हीलचेअर मागा. ती मोफत असते, तिला कुठलं कार्ड लागत नाही, आणि चेक-इनपासून इमिग्रेशनपर्यंत माणूस सोबत असतो. फक्त तिकीट काढतानाच नोंद करायला सांगा, ऐनवेळी नको. लाउंज हवा? तुमच्या बँकेचं एखादं कार्ड तो देत असेल. सामान जास्त न्यायचं आहे? अमेरिकेच्या तिकिटावर बहुतेक कंपन्या २३ किलोच्या दोन बॅगा देतात. (भडंगाला वजन नसतं, जागा लागते. वजनकाट्यावर बॅग अठरा किलो दाखवते आणि चेन मात्र लागत नाही. कांदा-लसूण मसाल्याचं बरोबर उलटं.)

मुलाकडे युनायटेडचा गोल्ड असेल आणि तो तुमच्यासोबत स्टार अलायन्सच्या विमानानं येत असेल, तर त्याला लाउंजमध्ये एक पाहुणा नेता येतो. एकच. आई की बाबा, हे घरातून ठरवून निघा. तो सोबत नसेल तर त्याच्या कार्डाचा तुम्हाला उपयोग नाही.

खातं मात्र दोघांचीही उघडून ठेवा. फुकट असतं आणि चार-पाच वर्षांत एखादं देशांतर्गत तिकीट निघू शकतं. मुदत तेवढी सांभाळा. काही कंपन्यांचे माइल्स तीन वर्षांत मरतात.

घरातल्या सगळ्यांचे पॉइंट्स एकत्र करून एकाला गोल्ड करता येतं का?

खर्चायचे पॉइंट्स एकत्र करता येतात, अशी सोय पुष्कळ कंपन्यांत आहे. एमिरेट्सच्या ‘माय फॅमिली’त आठ जणांपर्यंत चालतात. स्टेटसचे पॉइंट्स मात्र ज्याचे त्याचे. जो उडाला त्याचे.

ग्रुप टूरनं युरोपला गेलो, खात्यात काहीच पडलं नाही. असं का?

टूर कंपनी तिकिटं ठोक भावात घेते. त्या ग्रुप भाड्यावर बहुतेक वेळा पॉइंट्स कमी मिळतात किंवा मिळतच नाहीत. पॉइंट्स खर्चून काढलेल्या फुकट तिकिटावरही मिळत नाहीत. मांडीवरच्या बाळाच्या तिकिटावरही नाहीत. बुकिंग करताना टूरवाल्याला बुकिंग क्लास विचारा. तो गोंधळला तर उत्तर ‘शून्य’ असं समजा.

तिकीट कंपनीनं किंवा परिषदेच्या आयोजकांनी काढलं. पॉइंट्स कुणाचे?

प्रवास करणाऱ्याचे. पैसे कुणी दिले याला महत्त्व नाही. मिरजेच्या डॉक्टरांना आम्ही नेहमी सांगतो की आयोजक नाव आणि पासपोर्ट मागतात, तेव्हाच न विचारता सभासद क्रमांकही पाठवून द्या. आयोजकांकडचा मुलगा आपणहून तो कधीच मागत नाही.

तुमचाच व्यवसाय असेल तर एमिरेट्सची ‘बिझनेस रिवॉर्ड्स’ आणि सिंगापूरची ‘हायफ्लायर’ अशा योजना बघा. त्यात माणसाच्या खात्यात पॉइंट्स पडतातच, शिवाय कंपनीच्या खात्यातही पडतात. चार-पाच माणसं बाहेर पाठवणाऱ्या कारखान्याला हे स्टेटसपेक्षा जास्त फायद्याचं ठरतं.

पॉइंट्स आलेच नाहीत. काय करायचं?

आधी नाव तपासा. आपल्याकडे हाच घोळ निम्म्या वेळा असतो. पासपोर्टवर वडिलांचं किंवा नवऱ्याचं नाव पहिल्या नावाला जोडलेलं असतं, तिकीटही तसंच निघतं, आणि खातं उघडताना माणसानं नुसतं नाव-आडनाव टाकलेलं असतं. यंत्राला ती दोन वेगळी माणसं वाटतात. लग्नानंतर पासपोर्ट बदलला आणि खातं माहेरच्या नावावर राहिलं, असंही होतं. खात्यातलं नाव पासपोर्टप्रमाणे अक्षरन् अक्षर करून घ्या.

मग ‘मिसिंग पॉइंट्स’चा अर्ज. बहुतेक कंपन्या प्रवासानंतर काही महिन्यांपर्यंतच तो घेतात, पुष्कळ ठिकाणी सहाच महिने. त्यासाठी बोर्डिंग पास आणि तेरा आकडी तिकीट नंबर लागतो. पीएनआर पुरत नाही. म्हणून पॉइंट्स खात्यात दिसेपर्यंत बोर्डिंग पासाचा कागद टाकू नका, मोबाइलवरचा असेल तर स्क्रीनशॉट ठेवा.

आम्ही मिरजेचे सतारमेकर. गोल्ड असलं तर सतार फुकट जाईल का?

अर्धी. स्टार गोल्डची जादा बॅग म्हणून पेटी नेता येते, पण बहुतेक कंपन्यांत बॅगेची लांबी, रुंदी, उंची मिळून १५८ सेंटिमीटर ही मर्यादा असते. सतारीची पेटी त्यात बसवणं अवघड, तानपुऱ्याची तर नाहीच. जादा नगाचे पैसे वाचले तरी मोठ्या मापाच्या बॅगेचा दंड वेगळा लागू शकतो. तिकीट काढताना वाद्य म्हणून नोंद करून लेखी उत्तर घ्या आणि तो कागद जवळ ठेवा. भोपळ्याच्या काळजीपोटी काही जण शेजारची सीटच विकत घेतात. महाग पडतं, पण भोपळा फुटल्यावर कुठलंच कार्ड कामाला येत नाही.

गोल्ड कार्डावर कस्टममध्ये काही सूट असते का?

हा प्रश्न कुठल्या धंद्यातले लोक विचारतात ते आम्ही सांगत नाही. सूट नसते. कस्टम आणि इमिग्रेशन सरकारचं, कार्ड विमान कंपनीचं.

इमिग्रेशनची रांग टाळायची असेल तर केंद्र सरकारची ‘फास्ट ट्रॅक इमिग्रेशन’ योजना घ्या. जून २०२४ मध्ये ती दिल्लीत सुरू झाली, जानेवारी २०२५ मध्ये मुंबईसह आणखी सात विमानतळांवर आली. भारतीय पासपोर्टवाल्यांना आणि ओसीआयवाल्यांना (परदेशी नागरिकत्व असलेल्या भारतीय वंशाच्या कार्डधारकांना) मोफत. एकदा अर्ज करून बोटांचे ठसे दिले की स्वयंचलित फाटकातून पार. वर्षाला दोन-तीनदा परदेशी जाणाऱ्याला हिचा फायदा सिल्व्हर कार्डापेक्षा जास्त आहे, आणि सांगलीत फार थोड्यांनी ती घेतलीय.

लाउंज तर क्रेडिट कार्डावरही मिळतो. मग स्टेटस कशाला?

फक्त लाउंजसाठी असेल तर खरंच कशाला. तेवढं एक बघा की अलीकडे बऱ्याच बँकांनी लाउंजला आधीच्या तिमाहीतल्या खर्चाची अट घातली आहे. कार्ड खिशात आहे म्हणून आत सोडतीलच असं नाही.

स्टेटसची खरी किंमत विमान रद्द झालं की कळते. सगळे एकाच काउंटरवर तुटून पडलेले असतात. गोल्डवाल्यासाठी वेगळी रांग, पुष्कळदा वेगळा फोन नंबर, आणि पुढच्या विमानाच्या प्रतीक्षायादीत वरचा क्रमांक. मुंबईत विमान चुकलं तर आपल्याला घर साडेतीनशे किलोमीटरहूनही लांब. अशा वेळी हे लाउंजमधल्या उपम्यापेक्षा कितीतरी मोलाचं.

आणखी एक गमतीची गोष्ट. युनायटेडच्या स्वतःच्या गोल्ड सभासदाला अमेरिकेतल्या अंतर्गत प्रवासात नुसत्या स्टेटसवर युनायटेड क्लबमध्ये सोडत नाहीत. एअर इंडियाचा गोल्ड दाखवणाऱ्या पाहुण्याला मात्र सोडतात.

वर्ष संपत आलंय, थोडेच पॉइंट्स कमी पडतात. नुसतंच कुठं तरी उडून येऊ का?

एखाद्या खेपेनं काम होत असेल आणि पुढच्या वर्षी प्रवास पक्का असेल, तर जानेवारीतलं काम डिसेंबरात उरका. तेवढं शहाणपणाचं. पण पॉइंटांसाठी दिल्लीला जाऊन त्याच विमानानं परत, असले उद्योग करणारे असतात, आणि खर्च मांडला तर त्या पैशांत दोनदा बिझनेस क्लासनं जाता आलं असतं. आधी तुमचं वर्ष संपतं कधी तेही बघा. सगळीकडे डिसेंबर नसतो. अमेरिकन एअरलाइन्सचं वर्ष मार्च ते फेब्रुवारी चालतं, सिंगापूर सलग बारा महिने बघते.

युनायटेडसारख्या कंपनीत तर पॉइंट्स पुरे झाले तरी तिच्या स्वतःच्या विमानांची किमान चार उड्डाणं लागतात. ती अट वाचायची राहून जाते.

एका कंपनीचा गोल्ड दाखवून दुसरीचा मिळतो म्हणतात, खरं का?

खरं. त्याला स्टेटस मॅच म्हणतात. गिऱ्हाईक फोडायची रीत. अर्जासोबत कार्ड आणि प्रवासाचा पुरावा लागतो. बऱ्याच ठिकाणी चार-सहा महिन्यांची मुदत देतात आणि तेवढ्यात ठरावीक उड्डाणं झाली तरच दर्जा टिकतो. बऱ्याच कंपन्या ही संधी माणसाला एकदाच देतात, तेव्हा मोठा दौरा समोर असेल त्याच वर्षी वापरा.

कंपनीच बंद पडली तर?

तर स्टेटस गेलं. किंगफिशर २०१२ मध्ये थांबली, जेट १७ एप्रिल २०१९ ला. जेटची पॉइंटांची योजना पुढे इंटरमाइल्स नावानं चालली, पण विमानच नाही तर प्लॅटिनम दाखवणार कुणाला? विलीनीकरणात मात्र कधी कधी नशीब उघडतं. विस्तारा १२ नोव्हेंबर २०२४ ला एअर इंडियात मिसळली, आणि युतीबाहेरच्या विस्तारातले वरच्या पायरीवरचे सभासद बसल्या जागी स्टार अलायन्सच्या सवलतींत आले.

कार्ड घरी येतं का? विमानतळावर काय दाखवायचं?

प्लास्टिकचं कार्ड आता फार थोड्या कंपन्या पाठवतात, ॲपमधलं चालतं. पण दारावरचा माणूस आधी बोर्डिंग पास बघतो. त्यावर सभासद क्रमांक आणि ‘स्टार गोल्ड’ छापलेलं असलं पाहिजे. नसेल तर चेक-इन काउंटरवरच क्रमांक घालून पास नव्यानं छापून घ्या. सिक्युरिटी झाल्यावर ते करून घेणं फार जिकिरीचं होतं.